नावाची जागा

अमेरिकेतल्या ओरेगन राज्यातल्या पोर्टलंड शहराच्या पूर्व भागात, भरवस्तीत, 30 एकरांची एक जुनी दफनभूमी आहे. नाव लोन फर. तिथल्या एका दगडावर नवरा-बायको कोरलेले आहेत, शेजारी शेजारी उभे, हातात हात. जेम्स आणि एलिझाबेथ स्टीफन्स. त्या दगडावरचा मजकूर पहिल्यांदा वाचला तेव्हा कितीतरी वेळ मी तिथून हललेच नाही. 57 वर्षं, 2 महिने आणि 2 दिवस आयुष्याचा प्रवास करून आम्ही राजीखुशीने इथे पडलो आहोत. विश्वातल्या ज्या तत्त्वांपासून आम्ही मुळात घडलो त्यांच्यात परत जाण्यासाठी निसर्गाच्या अटळ नियमांची वाट पाहत, असा त्याचा आशय. स्वर्ग नाही, देवदूत नाहीत. माणूस गेला की आपण 'पंचत्वात विलीन झाला' म्हणतो. शहरातून वाहणाऱ्या विलमेट नदीवर फेरीबोट चालवणाऱ्या या माणसाच्या दगडावर तेच लिहिलं आहे. आणि वरचे 2 दिवससुद्धा सोडलेले नाहीत. संसाराचा असा हिशेब पाहिला की गळा दाटून येतो.

तिथून दफनभूमीच्या नैऋत्य कोपऱ्याकडे चालत गेलं की ब्लॉक 14 लागतो. मी पहिल्यांदा गेले तेव्हा कुंपणाआड नुसती मोकळी जागा होती. जेमतेम एकरभर. एक दगड नाही, एक नाव नाही. या कोपऱ्यात हजाराहून अधिक चिनी माणसं पुरली गेली होती. याच दफनभूमीत एका मनोरुग्णालयातले, कुणी न्यायला न आलेले शंभरावर रुग्णही आहेत, आणि त्यांची आठवणही आता याच कोपऱ्याशी जोडली गेली आहे.

या जागेचं काय करायचं आणि ते कुणाच्या पैशाने, हा प्रश्न पोर्टलंडमध्ये 2004 पासून चर्चेत आहे. मी याच शहराच्या उपनगरात राहते, इथे कर भरते, त्यामुळे मत देण्याचा अधिकार मला आहे असं मी मानते. माझं म्हणणं असं: खर्च सार्वजनिक पैशातूनच व्हायला हवा, आणि बाग, बाकं, फुलझाडं यांच्या आधी नावं लागायला हवीत.

पण त्यासाठी ही जागा दफनभूमी कशी झाली ते पाहायला हवं.

1846 साली जेम्स स्टीफन्सचे वडील, एमर स्टीफन्स, वारले. मुलाने त्यांना आपल्याच शेतात पुरलं. तेव्हा इथे दफनभूमी वगैरे काही नव्हतं. 1854 मध्ये स्टीफन्सने ही जमीन कोलबर्न बॅरेलला विकली आणि विकताना अट घातली की बापाच्या कबरीची निगा राखायची. त्याच वर्षी एप्रिलमध्ये ओरेगन सिटीजवळ 'गॅझेल' नावाच्या आगबोटीचा बॉयलर फुटला. वीसहून अधिक माणसं गेली. बोटीत बॅरेलचे पैसे गुंतलेले होते आणि मृतांत त्याचा भागीदार क्रॉफर्ड डॉबिन्स होता. बॅरेलने त्याला एमर स्टीफन्सच्या शेजारी पुरलं आणि भोवतीची जमीन दफनासाठी राखून ठेवली. नाव दिलं माउंट क्रॉफर्ड. पुढे त्याने ती शहराला 4,000 डॉलरला देऊ केली. नदीपलीकडे, गावापासून लांब, म्हणून शहराने घेतली नाही. मग खाजगी गुंतवणूकदारांनी घेतली आणि 1866 मध्ये तिथे उभ्या असलेल्या एकुलत्या एका फर झाडावरून तिचं नाव लोन फर झालं. ते झाड अजून आहे.

म्हणजे एका मुलाने बापासाठी घातलेली अट आणि एका माणसाने मित्रासाठी राखलेली जमीन, यातून ही दफनभूमी उभी राहिली. अमेरिकेच्या पश्चिमेकडे वसाहतकाळातल्या, ज्यांना इथे 'पायोनिअर सेमेटरी' म्हणतात अशा कित्येक दफनभूमींची सुरुवात अशीच घरगुती आहे. आणि पुढची दुरवस्थाही सगळीकडे सारखी. जागा एकदाच विकली जाते, पैसा एकदाच येतो. गवत मात्र दरवर्षी वाढतं. कायमच्या देखभालीसाठी निधी बाजूला काढून ठेवायची पद्धत बरीच नंतरची. जागा विकून संपल्या की मालकाचा रस संपतो, नातवंडं दुसऱ्या राज्यात जातात, दगडांवर काटेरी झुडपं चढतात. शेवटी ओझं सरकारच्या गळ्यात पडतं. लोन फरही अशीच मल्टनोमा काउंटीकडे, म्हणजे इथल्या जिल्हा प्रशासनाकडे, आणि पुढे 'मेट्रो' या निवडून आलेल्या प्रादेशिक संस्थेकडे आली. तिथे 25,000 हून अधिक माणसं पुरली आहेत आणि त्यांतल्या सुमारे 10,000 जणांची ओळख आज लागत नाही. हा आकडा एकट्या चिन्यांचा नाही. गोऱ्या गरिबांची, तान्ह्या मुलांचीही कितीतरी थडगी त्यात आहेत. विस्मरणात वंशाचा भाग मोठा आहे, पण गरिबीचाही आहे, हे सांगितलं नाही तर माझाच मुद्दा लंगडा पडेल.

आता 'पायोनिअर' या शब्दाकडे येऊ. सगळी मेख तिथेच आहे. आधी आलेला, वाट पाडणारा, तो पायोनिअर. पण ओरेगनमध्ये हा मान कुणाला मिळाला ते पाहायचं तर आपल्या भाषेत मी म्हणेन, सात-बारा काढून बघा. 1850 च्या डोनेशन लँड अ‍ॅक्टने सुरुवातीच्या वसाहतकऱ्याला 320 एकर आणि लग्न झालेलं असेल तर बायकोच्या स्वतःच्या नावावर आणखी 320 एकर फुकट दिली. बाईच्या नावावर जमीन, 1850 साली! कायदा तेवढ्यापुरता काळाच्या पुढे होता. पण तो गोऱ्यांसाठी आणि गोरे-आदिवासी मिश्र वंशाच्या लोकांसाठीच होता. आणि ज्यांची ही जमीन होती त्या मूळ लोकांशी करार होण्याआधीच ती वाटायला सुरुवात झाली होती. मग 1857 साली राज्याची घटना लिहिली गेली. तिच्यात कलमच घातलं की यानंतर येणाऱ्या कुठल्याही चिनी माणसाला ओरेगनमध्ये जमीन किंवा खाणीचा हक्क कधीही मिळणार नाही. ते कलम 1946 पर्यंत घटनेत होतं.

ब्लॉक 14 मधली माणसं या कलमाखाली जगली. रेल्वेचे रूळ टाकणारी, कोलंबिया नदीकाठच्या कारखान्यांत सामन मासे साफ करून डब्यांत भरणारी, जंगल तोडून जमीन मोकळी करणारी, हॉटेलांत रांधणारी, गावाचे कपडे धुणारी. एके काळी सॅन फ्रान्सिस्कोखालोखाल मोठा चायनाटाउन पोर्टलंडचा होता. 1882 च्या कायद्याने चिनी मजुरांना देशाची दारं बंद झाली ती 1943 पर्यंत. ज्या मातीत आपल्या नावाचा तुकडा घेता येत नव्हता, तिच्यातच ही माणसं पुरली गेली. आणि दफनाच्या नोंदवहीत कित्येकांच्या नावाच्या रकान्यात नुसतं 'चायनामन' लिहिलं गेलं.

ज्यांची नावं लिहिली गेली त्यांचंही पाहा. त्या काळच्या सरकारी कागदांत चिनी माणसं 'आ' अमुक, 'आ' तमुक अशी सापडतात. हा 'आ' नावाचा भाग नाही. दक्षिण चीनमध्ये जवळच्या माणसाला हाक मारताना तो आधी जोडतात. कारकुनाने हाक ऐकली आणि तीच नाव म्हणून लिहिली. आपल्याकडे कुणी 'ए गणपत' असं ऐकून 'ए' हे नाव आणि 'गणपत' हे आडनाव लिहावं, तसं. खरं कुळाचं नाव, गाव, सगळं गळून गेलं.

आणि तरीही ही माणसं बेनाव नव्हती. त्यांच्या स्वतःच्या माणसांनी नाव जपण्याची फार चोख व्यवस्था केली होती. परमुलखात मेलं तर हाडं तरी गावी पोहोचली पाहिजेत, ही त्यांची श्रद्धा. आपल्याला हे वेगळं समजावून सांगायला नको. मुलीकडे म्हणून अमेरिकेत आलेले आई-वडील इथेच गेले तर अस्थी घेऊन नाशिकला रामकुंडावर जाणारी कुटुंबं माझ्या ओळखीत आहेत. चिनी कामगारांचं दफन म्हणजे मुक्कामाची एक पायरी होती. काही वर्षांनी कबर उघडायची, हाडं काढून स्वच्छ करायची, पेटीत भरायची आणि जहाजाने हाँगकाँगला पाठवायची. तिथून तुंग वाह रुग्णालय ती ग्वांगडोंग प्रांतातल्या गावोगावी पोहोचवायचं. इतक्या वर्षांनी काढलेली हाडं कुणाची हे कळावं म्हणून पश्चिम अमेरिकेतल्या अनेक चिनी दफनभूमींत मृताबरोबर एक वीट पुरत. तिच्यावर चिनी अक्षरांत त्याचं नाव आणि गाव. कुठे कुठे बाटलीत चिठ्ठी घालत.

मला ती वीट डोळ्यांसमोरून हलत नाही. वर सरकारी वहीत 'चायनामन'. खाली मातीत, पेटीशेजारी, पूर्ण नाव.

हाडं परत नेण्याचा खर्च चिनी लोकांच्या संघटना करत. पण या व्यवस्थेत बायका आणि लहान मुलं बहुधा मागे राहत. त्यांची हाडं सहसा पाठवली जात नसत. 1940 च्या दशकाच्या शेवटी काउंटीला ब्लॉक 14 ची जागा हवी झाली. तिथल्या अस्थी काढल्या गेल्या आणि कोपरा रिकामा झाला असं धरून 1950 च्या दशकात त्यावर सरकारी इमारत आणि पार्किंग झालं. पुढची पन्नासएक वर्षं लोक त्यावर गाड्या लावून कामाला जात होते. 2004 च्या सुमारास काउंटीने ती जागा विकासकांना विकायचं ठरवलं. शेजारचे रहिवासी आणि पोर्टलंडची चिनी संघटना यांनी विचारलं, खाली खरंच कुणी नाही का? तपासणीसाठी खोदलं आणि मानवी अवशेष निघाले. विक्री थांबली. इमारत पाडली आणि 2007 मध्ये हा तुकडा मेट्रोच्या ताब्यात येऊन पुन्हा लोन फरला जोडला गेला. त्याच वर्षी लोन फरचं नाव राष्ट्रीय ऐतिहासिक स्थळांच्या यादीत लागलं.

हा सगळा क्रम नीट पाहिला की पैशाचा प्रश्न माझ्या दृष्टीने सुटतो. ज्यांच्या अंगावर डांबर ओतलं गेलं ते सार्वजनिक संस्थेने, सार्वजनिक निर्णयाने ओतलं. दुरुस्तीही सार्वजनिक पैशातूनच झाली पाहिजे. चिनी समाजाने वर्गणी काढून स्मारक बांधावं असं सुचवणाऱ्यांना मी विचारेन की पार्किंग बांधताना वर्गणी कुणी काढली होती?

2019 मध्ये मतदारांनी उद्यानं आणि निसर्गरक्षणासाठी मेट्रोचे 47.5 कोटी डॉलरचे कर्जरोखे मंजूर केले. त्यांतून 40 लाख डॉलरपर्यंत रक्कम ब्लॉक 14 मध्ये करायच्या स्मारक-बागेसाठी ठेवली गेली. यावर सगळ्यांत कळकळीचा आक्षेप मी एका मराठी मैत्रिणीच्या घरी जेवताना ऐकला. ती म्हणाली, "अगं, पदपथावर तंबू ठोकून माणसं झोपतात आणि आपण मेलेल्यांवर 40 लाख डॉलर घालतोय?" मी हा प्रश्न उडवून लावणार नाही. पोर्टलंडमध्ये राहणाऱ्या कुणालाही तो पडतो, थंडीच्या दिवसांत तर रोज. पण ही रक्कम त्या कर्जरोख्यांच्या एक टक्क्याहूनही कमी आहे आणि तो निधी घरांसाठी नव्हताच. आदल्याच वर्षी, 2018 मध्ये, परवडणाऱ्या घरांसाठी याच प्रदेशातल्या मतदारांनी 65 कोटी डॉलरहून जास्त रकमेचे कर्जरोखे वेगळे मंजूर केले होते. जिवंतांच्या तोंडचा घास काढून मेलेल्यांना दिला असं झालेलं नाही. शिवाय ज्यांना आज कुणी नावाने ओळखत नाही अशी तंबूतली माणसं आणि ब्लॉक 14 मधली माणसं एकमेकांपासून मला फार लांब वाटत नाहीत.

कारण मनोरुग्णांची गोष्ट तीच सांगते. डॉ. जे. सी. हॉथॉर्न यांचं इस्पितळ नदीच्या याच बाजूला होतं. 1862 पासून 1883 पर्यंत राज्यातल्या मनोरुग्णांना राज्याच्या खर्चाने तिथे ठेवत. कुणी न्यायला आलं नाही तर हॉथॉर्न त्या रुग्णाला लोन फरमध्ये पुरत. अशा शंभरावर रुग्णांत एक बाई आहे, चॅरिटी लँब. 1854 मध्ये तिने मारझोड करणाऱ्या नवऱ्याला कुऱ्हाडीने मारलं. ओरेगनमध्ये खुनाबद्दल दोषी ठरलेली ती पहिली स्त्री. सक्तमजुरीची जन्मठेप झाली, पुरुषांनी भरलेल्या तुरुंगात एकटी बाई म्हणून राहिली, मग हॉथॉर्न यांच्या इस्पितळात आणि 1879 मध्ये तिथेच गेली. ओरेगन ट्रेल या वसाहतकऱ्यांच्या वाटेवरून बैलगाडीने आलेलीच होती ती, इतर कुठल्याही पायोनिअर बाईसारखी. तिला दगड नाही. हॉथॉर्नही लोन फरमध्येच आहेत आणि त्यांच्या नावाचा रस्ता आज पोर्टलंडमधल्या सगळ्यांत गजबजलेल्या रस्त्यांपैकी एक आहे. माणूस दयाळू होता, त्याबद्दल तक्रार नाही. पण रस्ता एकाला आणि बाकीच्यांना नावाची अक्षरंही नाहीत, हे अंतर मोठं आहे.

दुसरा आक्षेप वेगळा आणि मला जास्त अडवणारा: चिनी कामगारांना या मातीत राहायचंच नव्हतं, गावी जायचं होतं. मग इथे त्यांचं स्मारक करून आपण त्यांच्या इच्छेविरुद्ध त्यांना पायोनिअर ठरवत नाही का? यातलं खरं मी मान्य करते. त्यांना ती पदवी देऊन उपकार केल्यासारखं वागू नये. ओरेगनचा कायदा या बाबतीत आपल्या सगळ्यांपेक्षा शहाणा आहे. ऐतिहासिक दफनभूमी कुठली, तर 14 फेब्रुवारी 1909 पूर्वी मेलेला एक जरी माणूस जिथे पुरला आहे ती. राज्य झाल्याला त्या दिवशी 50 वर्षं पूर्ण झाली, म्हणून ती तारीख. तो माणूस कोण, कुठल्या रंगाचा, आधी आला की मागून, कायदा विचारत नाही. मेलेला माणूस एवढी ओळख त्याला पुरते. मलाही तेवढीच पुरते. पण ज्यांना गावी न्यायचं राहून गेलं, त्या बायका आणि ती मुलं, त्यांच्याबद्दल 'त्यांना इथे राहायचं नव्हतं' एवढं म्हणून हात झटकता येत नाहीत. ती इथेच आहेत.

आणि 'आधी कोण आलं' याच हिशेबाने जायचं ठरवलं तर कोलंबिया नदीतलं मेमलूस बेट पाहावं. चिनुक जार्गन या इथल्या जुन्या व्यापारी बोलीत मेमलूस म्हणजे मेलेला. नदीकाठचे मूळ लोक आपले मृत तिथे ठेवत. 1830 नंतरच्या तापाच्या साथींनी खालच्या कोलंबियाकाठची बहुतेक वस्ती पुसून टाकली होती. 1883 मध्ये व्हिक ट्रेव्हिट या गोऱ्या वसाहतकऱ्याच्या शेवटच्या इच्छेप्रमाणे त्याला त्या बेटावर आदिवासींच्या सोबतीला पुरलं आणि वर दगडी खांब उभारला. 1930 च्या दशकात बॉनव्हिल धरणाचं पाणी चढलं आणि बेटाचा मोठा भाग बुडाला. हमरस्त्यावरून जाताना आजही बेटावर तो एक खांब दिसतो. शेकडो वर्षं तिथे मृतांना आणणाऱ्यांचं काहीही दिसत नाही. दगड टिकतो म्हणून इतिहासही दगडवाल्याचाच होतो, हे त्या रस्त्यावरून गाडी नेताना दर वेळी जाणवतं.

आपल्यापुरतंही हे परकं नाही. 1910 च्या मार्चमध्ये, आज पोर्टलंडचाच भाग असलेल्या सेंट जॉन्समध्ये, लाकूड गिरण्यांतल्या भारतीय मजुरांना जमावाने मारहाण करून हुसकावलं. ते बहुतेक पंजाबी शीख होते आणि इथल्या तोंडी सगळे 'हिंदू'. याच मजुरांमध्ये वर्ध्याचे पांडुरंग खानखोजे वावरले. ते ओरेगनच्या कृषी महाविद्यालयात शिकत होते आणि पुढे गदर चळवळीच्या उभारणीत होते. खानखोज्यांचं नाव आपण जपलं. त्यांच्याबरोबरच्या गिरणीमजुरांपैकी किती जणांची नावं आपल्याला येतात?

म्हणून बागेबद्दल मला थोडी धास्ती आहे. बाग सुंदर होईल, यात शंका नाही. इथल्या लोकांना बागा करता येतात. बाक असतील, झाडं असतील, 'विविध समाजांचं योगदान' असा फलक असेल. लोक कॉफीचा कप घेऊन येतील, मुलं खेळतील. त्यात वाईट काही नाही. पण 'योगदान' हा शब्द माणसांना पुन्हा एकत्र मळून त्यांचा गोळा करतो. पन्नास वर्षं डांबराने जे केलं ते हिरवळीनेही होऊ शकतं.

त्यापेक्षा आधी कागदांवर पैसा घालावा. जुन्या चिनी लिपीतल्या नोंदी वाचू शकणाऱ्या माणसांना पगार देऊन बसवावं. दफनाच्या वह्या, चिनी संघटनांचे हाडं पाठवल्याचे जुने कागद, हाँगकाँगच्या तुंग वाहचं दप्तर आणि ग्वांगडोंगमधल्या वंशावळी एकमेकांशी ताडून पाहता येतात. आपल्याकडे त्र्यंबकेश्वरच्या किंवा नाशिकच्या तीर्थोपाध्यायांच्या वहीत सात पिढ्यांमागचा पूर्वज सापडतो, तसेच हेही सापडतील; सगळे नाही, पण सापडतील. मुलगा अमेरिकेला गेला, परत आला नाही, अशी एखादी ओळ कुठल्यातरी गावच्या वंशावळीत पडून असेल आणि तिचं दुसरं टोक पोर्टलंडच्या वहीत असेल. इस्पितळाच्या रुग्णांच्या बाबतीत हे काम त्याहून सोपं आहे, नोंदी इंग्रजीत आहेत.

जी नावं मिळतील ती आधी चिनी अक्षरांत कोरावीत, मग रोमन लिपीत, आणि कारकुनाचा तो 'आ' गाळून. चॅरिटी लँबचं नावही याच भिंतीवर असावं. आणि ज्यांच्या वाट्याला वहीत 'चायनामन' एवढंच आलं आहे, त्यांच्यासाठी तो शब्द दगडावर पुन्हा कोरू नये. 'अज्ञात' असंही लिहू नये, कारण ते कुणाला तरी ज्ञात होते. मृत्यूची तारीख कोरावी आणि तिच्यावर एका नावाइतकी, चिनी तीन अक्षरं बसतील एवढी, जागा घासून गुळगुळीत करून कोरी ठेवावी. पुढे कधी ग्वांगडोंगमधून कुणी वंशावळीचं पान घेऊन आलं, तर पाथरवटाला बोलावून त्या जागेत नाव घालता येईल.